चुडामण गुरुजींची आंडेर

उंबरद्याच्या चुडामण गुरुजींनी दहा वर्षांत एकशे चौदा शेतकऱ्यांचे डोळे उघडले. एखाद्या सर्जनलाही हा आकडा गाठता आला नसता, आणि गुरुजी तर नुसते व्हर्नाक्युलर फायनल पास. आता हे सगळे शेतकरी रेडिओतले होते, ही गोष्ट वेगळी. डोळे उघडल्यावर त्यांना जायला कुठे जागा नव्हती, त्यामुळे पुढल्या महिन्यात तेच शेतकरी पुन्हा आंधळे होऊन हजर व्हायचे आणि गुरुजी पुन्हा कामाला लागायचे.

याची सुरुवात झाली चोपन्न साली. रनाळ्यापासून दोन कोसांवरच्या या गावाला तेव्हा वीज नव्हती, पक्का रस्ता नव्हता, प्यायच्या पाण्याची मारामार होती. म्हणून सरकारनं विचार करून पंचायतीला रेडिओ दिला. बॅटरीवर चालणारं ते लाकडी खोकं चावडीत आलं, त्याचा कर्णा निंबाच्या झाडावर चढला, आणि कोतवाल धुडकूच्या करदोड्याला रेडिओच्या कपाटाची किल्ली लटकली. रोज संध्याकाळी सातला खेडुतांसाठी कार्यक्रम लागायचा. पहिल्याच आठवड्यात त्यात खानदेशातल्या शेतकऱ्यावर एक नाटिका झाली. तो शेतकरी बायकोला म्हणाला, "अहो कारभारीण, ऐकलंत का?"

चावडीत असा काही हशा पिकला की निंबावरचे पोपट उडाले. बायकोला 'अहो' म्हणणारा शेतकरी उंबरद्यात कुणाच्या सात पिढ्यांनी पाहिला नव्हता. चुडामण गुरुजींना मात्र हसू आलं नाही. त्यांना राग आला. तरुण रक्त होतं. त्यांनी मुंबईच्या रेडिओ केंद्राला तीन पानी पत्र लिहिलं, की आमच्याकडे अहिराणी बोलतात, आमच्या तोंडात आमचीच भाषा घाला, नाहीतर आमची नाटकं करू नका. केंद्रावरचे साहेब भले गृहस्थ. त्यांनी उलट टपाली कळवलं: 'मग आपणच लिहून पाठवा.'

गुरुजींनी लिहिलं. त्यांचा शेतकरी बायकोला म्हणाला, "काय वं, आयकं का?" पंधरा दिवसांनी संहिता परत आली. तिच्यावर लाल पेन्सिलीनं शेरा होता: 'कल्पना उत्तम. भाषा अशुद्ध. शुद्ध करून पाठवणे.' गुरुजी दोन दिवस घुश्शात होते. तिसऱ्या दिवशी त्यांनी संहिता शुद्ध केली, आणि महिन्याभरानं निंबावरच्या कर्ण्यातून गुरुजींचा शेतकरी आपल्या बायकोला म्हणाला, "अहो कारभारीण, ऐकलंत का?" या खेपेला चावडीत कुणी हसलं नाही, कारण नाटिका संपल्यावर निवेदकानं सांगितलं, "लेखक, चुडामण उखा पाटील, मुक्काम उंबरदे." गावाची छाती फुगली. गुरुजींचा राग कुठे गेला ते गुरुजींनाही कळलं नाही.

मग त्यांना युक्ती सापडली. नाटिका पंधरा मिनिटांची. पहिली चार मिनिटं शेतकऱ्यानं अडाणीपणा करायचा. पाचव्या मिनिटाला बायकोनं डोळ्यांना पदर लावायचा; रेडिओवर पदर दिसत नाही म्हणून तिनं नाक ओढायचं. नवव्या मिनिटाला सहज सायकलवरून चाललेल्या ग्रामसेवकानं घंटी वाजवून यायचं. आणि चौदाव्या मिनिटाला शेतकऱ्याचे डोळे उघडायचे. उरलेलं एक मिनिट सनईला. या साच्यात काहीही घातलं तरी बाहेर नाटिका पडायची. विषय टपालानं यायचे: कंपोस्ट खत, अल्पबचत, टोळधाड, जपानी पद्धतीची भातशेती. उंबरद्यात बाजरी, कापूस आणि मिरची. भात लोकांनी फक्त लग्नाच्या पंगतीत पाहिलेला. तरी गुरुजींच्या शेतकऱ्यानं जपानी भात लावला, आणि त्याला भरघोस पीक आलं. एकदा तर चुकून कोळी बांधवांसाठीचं पत्रक आलं. गुरुजींनी समुद्र जन्मात पाहिला नव्हता. पण साहेबांना नाही कसं म्हणायचं? त्यांनी तापीचा पूर आठवला, त्यात मीठ घातलं आणि नाटिका पाठवून दिली. तीही पास झाली.

नाव झालं. रनाळ्याच्या बाजारात लोक बोट दाखवायचे, "हाऊ रेडिओवाला मास्तर." ग्रामसेवक रामसिंग तर गुरुजींवर जीव टाकायचा. खऱ्या आयुष्यात रामसिंगची सायकल पाहिली की लोक वावरात लपत. रेडिओत मात्र दर महिन्याला त्याचाच विजय व्हायचा.

आता लोका सांगे ब्रह्मज्ञान, ही म्हण गुरुजी शाळेत चौथीला शिकवत असत. पुढचा अर्धा भाग मुलांकडून वदवून घेत. त्यांच्या स्वतःच्या घरात मात्र त्यांच्या तोंडात कायम मिठाची गुळणी. त्याला कारण होते त्यांचे वडील, उखा आबा. आबांचं वय सत्तरीचं, गळ्यात तुळशीची माळ, अक्षरओळख अंगठ्यापुरती, आणि घरात शब्द त्यांचा एकट्याचा. गुरुजी बेचाळिशीला आले तरी आबांसमोर त्यांचं सगळं वक्तृत्व दोन शब्दांत संपायचं: "हा, आबा."

त्यातून घराण्याची एक मर्यादा होती. बापासमोर मुलानं स्वतःच्या लेकराला उचलून घ्यायचं नाही, त्याचे लाड करायचे नाहीत, त्याच्याबद्दल बोलायचंही नाही. लेकरू रांगत मांडीवर आलं तर त्याला हळूच खाली सरकवायचं आणि आढ्याकडे पाहायचं. ही मर्यादा पाटलांच्या सगळ्याच घरांत होती. पण दुसरे लोक तिच्यातून वाट काढत. कुणी खाकरून सांगत, कुणी गायीला उद्देशून बोलत. गुरुजी पडले अक्षरशत्रू घराण्यातले पहिले विद्वान. त्यांनी मर्यादा अशी काटेकोर पाळली की त्यांच्या एकुलत्या एक मुलीचं नाव, रंजना हे साधं तीन अक्षरी नाव, त्यांनी तेरा वर्षांत आबांसमोर एकदाही घेतलं नव्हतं.

ही रंजना म्हणजे गुरुजींच्या कीर्तीचा कणा. गुरुजींचं अक्षर असं की ते त्यांचं त्यांनाच दुसऱ्या दिवशी लागत नसे. केंद्राला संहितेच्या तीन पक्क्या प्रती लागत. त्या रंजना काढायची, दोन कार्बन घालून, जीभ दातांत धरून, एकही खाडाखोड न करता. नऊ वर्षांची असल्यापासून काढायची. एकशे चौदातल्या चाळीस-पन्नास शेतकऱ्यांचे डोळे तिच्या हातून उघडले होते. चौसष्ट सालच्या उन्हाळ्यात ती सातवीच्या परीक्षेत केंद्रात पहिली आली. पुढे शिकायचं तर नंदुरबारचं हायस्कूल, आणि तिथे राहायला मावशीचं घर होतं. अडचण एवढीच होती, की आबांनी चैत्रातच तापीकाठच्या एका बागायती घरात तिची सोयरीक पाहिली होती. केळीचे मळे, दोन मोटारपंप, मुलगा मॅट्रिक नापास. लग्न दोन वर्षांनी. पण साखरपुड्याची सुपारी याच वैशाखात, महिनाभरावरच्या शुक्रवारी. आणि सुपारी फुटलेली मुलगी नंदुरबारला वह्या घेऊन जाते, असं त्या काळी कुणी ऐकलं नव्हतं.

"नाना, आबाले तुम्ही सांगा ना," रंजना बापाला म्हणाली. "मास्तरनी बी सांगं, मी मॅट्रिक व्हसू."

"सांगस, सांगस," गुरुजी म्हणाले.

"कव्हय?" रंजनानं दिवस विचारला.

भिकुबाई, म्हणजे रंजनाची आई, चुलीपाशी होती. तिला सासऱ्यासमोर डोक्यावरचा पदरसुद्धा हलवता येत नव्हता, मग बोलणं दूरच. ती भाकरी थापता थापता म्हणाली, "त्या सांगतीन. भिंतले सांगतीन." गुरुजींना ते लागलं. पण त्याच लागण्यातून त्यांना एक कल्पना सुचली, आणि ती इतकी आवडली की ते भाकरी अर्धी टाकून उठले.

आबा रेडिओचे भक्त होते. रोज सातच्या आत चावडीत येऊन कर्ण्याच्या बरोबर खाली बसायचे. रेडिओनं कंपोस्ट सांगितलं, तर आबांनी खड्डा खणला. रेडिओनं मिरचीच्या रोपांवर औषध फवारायला सांगितलं, आबांनी फवारलं. गुरुजींनी असा विचार केला, की आपल्या तोंडानं सांगितलं तर मर्यादा मोडते. तेच रेडिओच्या तोंडानं सांगितलं तर मर्यादाही राहील आणि पोरगी नंदुरबारला जाईल. म्हणजे बाप समोर ओट्यावर बसलेला, मध्ये अंतर सहा हात, आणि निरोप मात्र मुंबईहून फिरवून आणायचा. हुशार माणसांना असंच सुचतं.

योगही असा की त्याच वेळी केंद्राचं परिपत्रक आलं: 'यापुढे लोकभाषेस उत्तेजन द्यावे.' गुरुजींनी दहा वर्षांत पहिल्यांदा अहिराणीत लेखणी चालवली. नाटिकेचं नाव ठेवलं 'मन्ही आंडेर'. आता खानदेशात आंडोर म्हणजे मुलगा आणि आंडेर म्हणजे मुलगी, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. नाटिकेत तीन आंडेरींचा एक बाप होता. नवव्या मिनिटाचा ग्रामसेवक नव्हता, सायकल नव्हती, सनई नव्हती. बाप आपल्या म्हाताऱ्या बापाशी बोलत होता, एवढंच. ते लिहिताना गुरुजी रडले. हे खरंच सांगतो, त्यात टिंगल नाही. त्या चार दिवसांत हा माणूस खरोखर लेखक होता. रंजनानं तीन प्रती काढल्या. काढताना तिला कळलं की नानांना सगळं कळतं, आणि ती चार दिवस गाणं गुणगुणत फिरली.

पंधरा दिवसांत उत्तर आलं. 'नाटिका स्वीकृत. किरकोळ भाषिक दुरुस्त्या केल्या आहेत. प्रसारण मंगळवारी.' सोबत दुसरा कागद होता: तेरा भागांच्या मालिकेचा करार. मालिका! दर आठवड्याला तीच माणसं, पुढची पुढची गोष्ट, आणि तेरा वेळा नाव. करारात बारीक अक्षरात एक कलम होतं, की केंद्राने केलेले सर्व फेरफार लेखकास मान्य असतील. गुरुजींनी ते वाचलं आणि सही केली. फेरफार त्यांना दहा वर्षं मान्यच होते.

मंगळवारी संध्याकाळी चावडी भरली. गुरुजींनी स्वतः आदल्या दिवशी गावभर सांगितलं होतं, अर्थात आबा सोडून. बायका पलीकडच्या ओट्यावर दाटीवाटीनं बसल्या. रामसिंग इस्त्रीचा शर्ट घालून आला. आबा कर्ण्याखाली. रंजना आईच्या पुढे, गुडघ्यांना मिठी मारून. सुपारीला तीन दिवस उरले होते. धुडकूनं किल्ली फिरवली.

"आता ऐका, पूरक धंदा सप्ताहानिमित्त खास नाटिका," निवेदिका म्हणाली, "माझी अंडी."

गुरुजींना वाटलं, खरखरीमुळे ऐकण्यात चूक झाली. मग कोंबडी फडफडली. चांगली दोन मिनिटं फडफडली. केंद्रानं त्यासाठी खास ध्वनिमुद्रण केलेलं असणार. आणि मग गुरुजींचा बाप, चार दिवस रडून लिहिलेला तो बाप, स्वच्छ पुणेरी आवाजात म्हणाला, "काय सांगू पाटील, मला तीन अंडी आहेत!"

झालं होतं ते असं. केंद्रावरच्या साहेबांनी आंडेर हा शब्द पहिल्यांदाच पाहिला. शेजारच्या टेबलावर विचारलं, तिथेही कुणाला ठाऊक नव्हता. पण शेती खात्याकडून कोंबडीपालनावर नाटिका हवी म्हणून तगादा लागला होता, आणि समोर हा शब्द. साहेबांच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. इतिहासात एकदा 'ध'चा 'मा' केला तेव्हा माणूस गेला. इथे एका शब्दाच्या फरकात तीन मुली गेल्या. उरलेलं काम साहेबांनी मन लावून केलं. 'आंडेर येळवर दी टाकेल बरी' या म्हाताऱ्याच्या वाक्याचं 'अंडी वेळेवर देऊन टाकलेली बरी' झालं, आणि पुढे 'उन्हाळ्यात नासतात' ही भर पडली. 'शिकेल आंडेर दोन्ही घर उजळस' याचं 'शिजलेलं अंडं दोन्ही घरं उजळतं' झालं. चावडीतल्या लोकांनी माना डोलावल्या. उन्हाळ्यात अंडी नासतात, हे तर खरंच होतं.

शेवटी बाप निश्चयानं म्हणाला, "काही झालं तरी मी माझी तिन्ही अंडी नंदुरबारच्या शाळेत पाठवणार!" इथे साहेबही अडले असावेत. निवेदिकेनं खुलासा केला, "विद्यार्थ्यांच्या पोषणासाठी शाळेत अंडी पाठवण्याचा हा निर्धार अनुकरणीय आहे. लेखक, चुडामण उखा पाटील, मुक्काम उंबरदे."

आधी एक पोरगा खिदळला. मग सगळी चावडी खिदळली. तुळशीची माळ घातलेल्या उखा पाटलाच्या घरातून अंड्याचा प्रचार! बायकांच्या ओट्यावर पदर तोंडात गेले. रामसिंगनं टाळ्या वाजवल्या, कारण नाटिका संपल्यावर टाळ्या वाजवायची त्याला सवय होती.

आबा हसले नाहीत. त्यांनी धुडकूला खूण करून रेडिओ बंद करवला.

"चुडामण, हाई तू लिखं?"

गुरुजींनी तोंड उघडायच्या आत रंजना उभी राहिली. "आबा, अंडं नही! आंडेर! नानानी आंडेर लिखेल व्हतं. पक्क्या प्रती मी काढेल शेतस. तेसनी तथा बदली टाकं."

"खाले बस, पोरी," रामसिंग म्हणाला. "सरकारना रेडिओ कधी चुकस का?"

"मी तिना बापले इचारी ऱ्हायनू," आबा म्हणाले. "बोल, चुडामण. पोर सांगस ते खरं का रेडिओ सांगस ते खरं?"

'पोर सांगस ते खरं' एवढंच म्हणायचं होतं. चार शब्द. पण गुरुजींच्या खिशात तेरा भागांचा करार होता. समोर रामसिंग होता, आणि रामसिंगला गोष्ट कळली की ती तालुक्याला कळते, आणि लेखकच म्हणतो रेडिओ खोटा, हे केंद्राला कळलं की संपलं. शिवाय आबांसमोर मुलीची बाजू घ्यायची, ती उघड्या चावडीत. गुरुजी चपलेच्या अंगठ्याकडे पाहत म्हणाले, "रेडिओमा उनं तेच... तेच लिखेल व्हतं, आबा."

बोलून टाकल्यावर त्यांना क्षणभर हलकं वाटलं. मग त्यांनी रंजनाकडे पाहिलं. ती रडत नव्हती. चुकलेल्या गणिताकडे पाहावं तशी ती त्यांच्याकडे पाहत होती. आपण काय केलं हे गुरुजींना तेव्हा कळलं, आणि त्यांना स्वतःची शिसारी आली.

"रंजना," आबा म्हणाले. "उभी ऱ्हाय. काय लिखेल व्हतं ते सांग. बठ्ठं सांग."

तिला सगळं पाठ होतं. एकच गोष्ट तीनदा उतरवून काढली की पाठ होतेच. तिनं सगळ्यांचे आवाज काढले. म्हाताऱ्याचा, आईचा, मास्तरचा. कर्ण्याशिवाय, निवेदिकेशिवाय, सुरुवातीला थोडी अडखळत आणि मग न अडखळता. शेवटी बापाचं बोलणं आलं. "बाबा, तुमना समोर मी मन्ही आंडेरनं नाव कधी लिन्हं नही. मर्यादा शे. पन ती मन्ही शे. तिना हातमा पाटी शे, ती तशीच ऱ्हाऊ द्या. इतलंच मांगस." बायकांच्या ओट्यावर भिकुबाई पदराआड रडत होती, आणि तिला नाक ओढायला कुणी लिहून दिलं नव्हतं.

आबा गुरुजींकडे वळले.

"मी तुन्हासंगे रोज जेवाले बठस," ते म्हणाले. "बारा महिना, दोन येळ. एकदाव तरी मले इचारं का तू?"

"मर्यादा, आबा..."

"मर्यादा तू पाळी, आन भोगी कोन? हाई पोर!" आबांचा आवाज चढला. "तू बोलना नही, मी समजनू, बापलेच शिकाडानं नही शे. बाप मास्तर. मन्हाथाईन त्याले जास्ती कळस. म्हनीसन मी सोयरीक देखी. एक शब्द बोलता तर मी काय तुले खाई जातू?"

आबांनी वर कर्ण्याकडे बोट दाखवलं.

"लोके म्हनतस, उखा पाटील रेडिओनं आयकस. मी काब्र रेडिओनं आयकू? त्याले काय वावर शे का? शेवटले तुन्हं नाव लेतस. ते आयकाले मी येस. तू लिखेल शे म्हनीसन खड्डा खंदा मी. घरमा तर तू बोलत नही, म्हनं आठे तरी पोऱ्या काय सांगस ते देखू."

एकशे चौदा अडाणी शेतकरी लिहिणाऱ्या माणसाला घरातला एक शेतकरी दहा वर्षं दिसला नव्हता. धुडकूनं रेडिओच्या कपाटाला कुलूप लावलं आणि लोक एकेक करून उठले.

शुक्रवारी तापीकाठची मंडळी सुपारी घेऊन आली. आबांनी त्यांना चहा पाजला, केळीच्या भावाची चौकशी केली, आणि सांगितलं की पोर शिकणार आहे. चार वर्षं थांबायचं तर थांबा, नाहीतर राम राम. मंडळींनी राम राम केला. रंजनाचं नाव आबांनी इतक्यांदा आणि इतक्या मोठ्यानं घेतलं की गोठ्यातल्या बैलांनाही ते पाठ झालं असेल.

गुरुजींचं म्हणाल तर त्यांची मालिका झाली. 'माझी अंडी' श्रोत्यांना अतिशय आवडल्याचं केंद्रानं कळवलं, आणि तेराही भाग कोंबड्यांवर मागवले. ज्या माणसाच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या अंडं आलं नाही त्यानं खुराडं, खाद्य, मानमोडी रोग आणि लेगहॉर्न जात या विषयांवर तेरा आठवडे लिहिलं. पहिल्या भागाच्या मसुद्यासह ते रंजनाकडे गेले, कार्बन पेपर पुढे केला. "मन्हं शाळानं काम शे, नाना," ती म्हणाली. ती उद्धटपणे बोलली नाही. कुणा पाहुण्याला सांगावं तसं सांगितलं. गुरुजींनी प्रती आपल्या हातानं काढल्या.

जूनमध्ये आबा, गुरुजी आणि रंजना एस.टी.नं नंदुरबारला गेले. गुरुजी सोबत का गेले ते त्यांना कुणी विचारलं नाही. ट्रंक उचलायला माणूस लागतच होता. हायस्कुलाच्या कचेरीत रंजनानं प्रवेशाचा अर्ज आपल्या अक्षरात भरला. हेडमास्तरांनी बापाचं नाव आणि गाव वाचलं, चष्म्यावरून पाहिलं आणि खुर्चीतून उठलेच.

"अहो, तुम्हीच का ते चुडामण पाटील? रेडिओवाले? काय ती अंडी हो! आमच्या घरी सगळे पोट धरून हसले. बसा, बसा ना!"

गुरुजी बसले. दहा वर्षांची सवय, चेहऱ्यावर आपोआप नम्र हसू आलं. हेडमास्तर अर्ज वाचत गेले आणि शेवटी थांबले. पालक या शब्दापुढे लिहिलं होतं: उखा दगा पाटील. नातं: आजोबा.

"हे कसं? वडील हजर असताना आजोबांचा अंगठा कशाला? गुरुजी, तुम्हीच करा सही. आमच्या दप्तरात तुमची सही राहील!"

गुरुजींनी खिशातून पेन काढलं, टोपण उघडलं आणि हात पुढे केला. रंजनानं अर्जावर तळवा ठेवला होता. तो तिनं काढला नाही.

"सर," ती शाळेतल्या स्वच्छ मराठीत म्हणाली, "नाना रेडिओत बोलतात. घरात आबा बोलतात."

हेडमास्तरांना तो विनोद वाटला. लेखकाची मुलगी, असं म्हणत ते मनापासून हसले आणि शाईचं पॅड त्यांनी आबांकडे सरकवलं. आबांनी गुरुजींकडे एकदा पाहिलं. गुरुजी काही बोलतात का, म्हणून जरा वाटही पाहिली. मग अंगठा शाईत बुडवून त्यांनी तो कागदावर नीट दाबला. रंजनानं ओल्या ठशावर फुंकर घातली, आणि गुरुजींनी पेनाला टोपण लावलं.